न ताणणाऱ्या दोरीवर पंचाक्षरी वकील

रविवारी दुपारी चार वाजता पंचाक्षरी वकील घरी येणार होते आणि सकाळी नऊच्या सुमारास झोपाळ्याची कडी तुटली. काही कारण नाही, काही निमित्त नाही. सावित्रम्मांनी फळी पुसायला म्हणून जरा हात लावला, तर वरच्या आकड्याजवळची कडी 'टण्' करून निसटली आणि फळी एका बाजूनं जमिनीवर आपटली. वर्षाचे बाकीचे तीनशे चौसष्ट दिवस सोडून मेलीनं हाच दिवस निवडला!

दुसऱ्या कुठल्या पाहुण्याला खुर्ची चालली असती. पंचाक्षरी वकिलांना नाही. ते शाळा कमिटीचे अध्यक्ष, आणि मंगळवार पेठेतल्या त्या घरात मानाचा पाहुणा म्हटला की झोपाळा, ही रीत. पाहुण्यानं झोपाळ्यावर बसायचं, यजमानानं त्याच्यापेक्षा खाली बसायचं, आणि हातात विडा पडेपर्यंत पाहुण्याला जागचं हलवायचं नाही. ही रीत कुणी घातली ते कुणालाच ठाऊक नव्हतं. पण मोडायची छातीही कुणाला नव्हती.

आणि वकील काही सहज येत नव्हते. रुद्राणीच्या अर्जासाठी येत होते. रुद्राणी म्हणजे सावित्रम्मांची थोरली. वय पंधरा, इंग्रजी सहावीत. शाळा मुलांची, तीत मुली पाच. पदार्थविज्ञानाचा तास आला की मुलगे वर्गात बसायचे आणि पाच मुलींना लाकडी पडद्यापलीकडच्या खोलीत आरोग्यशास्त्राचं पुस्तक देऊन बसवायचे. पाणी उकळून प्यावं. नखं कापावीत. ताप आल्यास कपाळावर ओली पट्टी ठेवावी. पंधरा वर्षांच्या मुलीला एवढं ठाऊक नसतं का? तिकडे पडद्यामागे शिवशरण मास्तर चुंबक काढताहेत, भिंगं काढताहेत, कप्प्या फिरवताहेत, मुलगे टाळ्या पिटताहेत, आणि इकडे ह्या पाचजणी ओली पट्टी पाठ करताहेत! रुद्राणीचा नुसता संताप व्हायचा.

शेवटी तिनं अर्जच केला, की मला मॅट्रिकला पदार्थविज्ञान घ्यायचं आहे. हेडमास्तरांनी तो कमिटीकडे ढकलला. कमिटीनं अध्यक्षांकडे ढकलला. आणि अध्यक्ष म्हणाले, "मुलीला घरी येऊन बघतो." बघतो म्हणे! म्हशीच्या बाजारात आल्यासारखं! पण सोमवारी कोण कुठला विषय घेणार त्याची यादी मुंबईला रवाना व्हायची होती. म्हणजे काय व्हायचं ते आजच व्हायला हवं होतं. नाहीतर जन्मभर ओली पट्टी.

"आता गं काय करायचं?" सावित्रम्मा म्हणाल्या. "लोहारबी होटगीला लग्नाला गेलाय. तुझे अप्पा बार्शीस्नं दुपारच्या गाडीनं येणार, स्टेशनावरनंच वकिलांना टांग्यात घेऊन घरी."

"अव्वा, तू घाबरू नको. मी बांधते की झोपाळा. दोरीनं."

दोरीला त्या घरात तोटा नव्हता. पुढं रुद्राणीच्या अप्पांचं, ईश्वरप्पांचं दुकान, मागं घर. गिरणीतल्या उरल्यासुरल्या सुताला पीळ घालून केलेली जाड दोरी ही दुकानाची शान. पेठेत कुणीही विचारो, ईश्वरप्पा गादीवरून हात उंचावून सांगायचे, "हत्ती बांधा हो, हत्ती! केसभर ताणली तर दोरी परत आणा." सोलापुरात हत्ती नसल्यामुळे दोरी कुणी परत आणली नव्हती.

आणि रुद्राणीजवळ ह्याहूनही मोठा आधार होता. शिवशरण मास्तरांकडून तिनं चार दिवसांसाठी पदार्थविज्ञानातल्याच यंत्रशास्त्राचं पुस्तक मागून आणलं होतं. त्यात जिथं तिथं दोरी, आणि दोरी आली की तिच्यापुढं ठेवणीतलं विशेषण: इनएक्सटेन्सिबल. म्हणजे न ताणणारी. कप्पीवरून गेली तरी न ताणणारी, दोन्ही टोकांना वजनं टांगली तरी न ताणणारी. रुद्राणीला तो शब्द इतका आवडला होता, की परवापासून ती तो भाकरी खातानासुद्धा म्हणत होती.

दोरीचं वेटोळं खांद्यावर टाकून ती शिडीवर चढली, तेव्हा भांडी घासणाऱ्या केराबाईनं मान वर केली. केराबाई मंद्रूपकडची. नवरा विहिरीवर मोट हाकायचा.

"ताई, नवी दोरी हाय न्हवं? आदी धोंडा बांधून रातभर टांगून ठिवा. लई ताणती."

"ही नाही ताणत, केराबाई. ही इनएक्सटेन्सिबल असते."

"आसंल. पर ताणती की."

"अहो, पुस्तकात छापलंय!"

"पुस्तक लिवणाऱ्यानं कंदी पाणी वढलं न्हाय वाटतं," केराबाई म्हणाली आणि पुन्हा राखेत हात घातला.

आता सांगा, एका बाजूला छापील पुस्तक आणि सख्खे वडील, दुसऱ्या बाजूला केराबाई. शहाण्या मुलीनं कुणाचं ऐकावं? रुद्राणीनं शहाण्या मुलीसारखं केलं. तुळईपासून जमिनीपर्यंतचं अंतर दुकानातल्या मापाच्या गजानं मोजलं. वकील बेताच्या उंचीचे, त्यांचे पाय टेकले पाहिजेत म्हणून फळी जमिनीपासून अठरा इंचांवर ठरवली. गाठींना किती दोरी जाईल ते कागदावर मांडलं. फळी समपातळीत आहे की नाही ते पाण्यानं काठोकाठ भरलेली वाटी ठेवून पाहिलं, थेंब सांडला नाही. मग शेजारच्या खांबावर फळीच्या उंचीला खडूची रेघ मारली आणि स्वतः बसून दोन झोके घेतले. फळी हलली नाही. हलली असलीच तर रुद्राणीसारख्या काडीच्या वजनानं किती हलणार?

"बघा, केराबाई!"

"तुमी चिमणीवानी. वकीलसायबास्नी बसू द्या की," केराबाई म्हणाली.

चारच्या ठोक्याला टांगा थांबला. "बर्री साहेब, या, बर्री!" करत ईश्वरप्पा वकिलांना घेऊन आत आले. पंचाक्षरी वकील अडीच मणांच्या आतबाहेर होते. काळा कोट, पांढरा रुमाल, कपाळावर भस्माचे तीन पट्टे, हातात रुद्राणीचा अर्ज. ईश्वरप्पांनी हसत हसत झोपाळ्याकडे हात केला, आणि हात तिथंच राहिला. हसूही. कारण त्या दोरीबद्दल खरं काय ते अख्ख्या पेठेत त्यांना एकट्यालाच पक्कं ठाऊक होतं. घरात धोतरं वाळत घालायलासुद्धा त्यांनी तार लावलेली होती.

"वा! दोरीचा झोपाळा!" वकील बसत म्हणाले. "साखळीची किरकिर नाही, काही नाही. दुकानचीच का हो, ईश्वरप्पा?"

"व्हय साहेब."

"तीच का, ती हत्तीची?"

"तीच," ईश्वरप्पा म्हणाले आणि समोरच्या खुर्चीवर टेकले.

दोरीनं एक बारीकसा सुस्कारा सोडला. दाराआडून रुद्राणीनं खांबाकडे पाहिलं. रेघ दोन बोटं वर गेली होती. रेघ कशी वर जाईल? तिनं डोळे चोळून पुन्हा पाहिलं. आता तीन बोटं.

"माझा मुलींच्या शिक्षणाला विरोध नाही बरं का," वकिलांनी पायानं हलकासा झोका घेत सुरुवात केली. "पण मुलींची बुद्धी पडली व्यवहारी. यंत्रशास्त्रात काय असतं? वजन नसलेली दोरी, गुळगुळीत कप्पी. मुलगा निमूट ऐकून घेतो. मुलीला सांगून पाहा, ती विचारील असली दोरी कुठल्या दुकानात मिळते! पुस्तकापेक्षा चुलीवर विश्वास जास्त. पुस्तकातलं त्यांना पटतच नाही हो. तिथं काय करणार?"

रुद्राणीला असं वाटलं, की पुढं होऊन पुस्तकाची एकेचाळीस पानं तोंडपाठ म्हणून दाखवावीत. पण मोठी माणसं बोलत होती. आणि रेघ वीतभर वर होती.

ईश्वरप्पांच्याही ते ध्यानात आलं होतं. पाहुण्याचं डोकं यजमानाच्या खांद्याला आलं होतं. हे काही बरं नव्हे. ते हळूच खुर्चीवरून उठले आणि पाटावर बसले.

"अहो, खुर्ची का सोडली?"

"आपल्यापुढं बरं दिसत न्हाई, साहेब."

वकील सुखावले. सावित्रम्मांनी शेंगाची पोळी आणि तुपाची वाटी पाठवली. ताट मांडीवर घेऊन वकिलांनी पहिली पोळी संपवली, दुसरी मागितली.

"बाई," केराबाई स्वयंपाकघरात येऊन कुजबुजली, "वकीलसायेब खाली चाल्ल्यात की."

"गप गं!"

"आनखी पोळी वाढू नगा. सा बोटं र्‍हायल्यात निस्ती. इडा द्या आन् मोकळं करा."

"विडा कसा देऊ? अजून अर्जाचं कायच बोलले न्हाईत. आत्ता विडा दिला तर जा म्हटल्यासारखं हुईल की!" सावित्रम्मा म्हणाल्या. तिसरी पोळी नाही म्हणावी तर पाहुण्याचा अपमान, वाढावी तर पाहुणा जमिनीला. त्यांनी डोळे मिटून वाढली.

तोवर ईश्वरप्पा पाटावरून जाजमावर आले होते. तेही पुरेना, तेव्हा ते कोपरावर रेलले. सावित्रम्मा दारात उभ्या होत्या त्या बसल्या, आणि बसून मान खाली घालू लागल्या. वकिलांचे गुडघे एव्हाना छातीशी आले होते. पण वकिलांचं लक्ष स्वतःच्या गुडघ्यांकडे नव्हतं. समोरचा मनुष्य मघापासून जमिनीकडे का चालला आहे, ह्याचा ते अर्थ लावत होते. आणि एकदम त्यांना तो लागला.

"ईश्वरप्पा!" ते कडाडले. "काय चालवलंय हे? एका अर्जासाठी लोटांगण?"

"तसं न्हवं, साहेब..."

"मघापासून बघतोय मी! खुर्चीवरनं पाटावर, पाटावरनं जाजमावर! मी काय देव आहे? असली लाचारी दाखवून काम करून घेणारी माणसं मला मुळीच चालत नाहीत! बसा आधी नीट!"

"नीटच बसलोय, साहेब."

"मग मला नमस्कार घातल्यासारखे दिसता का?" असं म्हणून वकिलांनी रागारागानं जमिनीला पाय दिला. झोपाळा मागं गेला, पुढं आला, 'खर्रर्र' असा आवाज झाला, आणि थांबला. अगदीच थांबला. फळी जमिनीला टेकली होती. फळीवर वकील होते, गुडघे कानांशी, मांडीवरचं ताट छातीशी, आणि वाटीतलं तूप कोटावरून सावकाश धोतराकडे निघालं होतं.

"पोचले," केराबाई हळूच म्हणाली.

 मग वकिलांनी विचारलं, "हा झोपाळा बांधला कुणी?"

आता ईश्वरप्पांना बोलायची संधी होती. दोरी नवी आहे, म्हणता आलं असतं. कच्च्या पिळाची आहे, म्हणता आलं असतं. ईश्वरप्पा दोरीबद्दल अवाक्षर बोलले नाहीत. ते म्हणाले, "पोरीनं."

"तरीच!" वकील म्हणाले. "हेच म्हणतोय मी मघापासून. साधा झोपाळा मापात बांधता येत नाही, आणि ह्यांना यंत्रशास्त्र पाहिजे!"

रुद्राणीला दाराआड राहणं मग शक्यच नव्हतं. ती आली ती एका हातात लोखंडी गज आणि दुसऱ्या हातात पुस्तक घेऊन. ईश्वरप्पांनी तो गज पाहिला, आता दोरी मोजली जाणार हे ओळखलं, आणि ते आणखीच खाली रेलले.

"माझं माप चुकलेलं नाही!" ती म्हणाली.  "ही बघा खांबावर रेघ. सकाळी दहा वाजता फळी इथं होती. अठरा इंच. पाण्याची वाटी ठेवून पाहिलीय मी."

"मग काय मी खचलो?"

"दोरी ताणली."

"रुद्री," ईश्वरप्पा खाकरले, "आपली दोरी..."

"आपलीच दोरी, अप्पा! केसभर ताणत नाही म्हणून रोज गादीवरून तुम्हीच सांगता ना? आणि हे पुस्तक. पान एकेचाळीस, इनएक्सटेन्सिबल. त्रेचाळीस, इनएक्सटेन्सिबल. सेहेचाळीसवर तर दोनदा! एकट्या केराबाईनं सांगितलं, ताणते म्हणून. मी तिला हसले. तुमचं ऐकलं, पुस्तकाचं ऐकलं. आणि आता तुम्ही आणि पुस्तक दोघं गप्प, आणि चूक माझी?"

"मी सांगिटल्यालं," केराबाई म्हणाली. "धोंडा बांदा म्हनून."

वकिलांनी हात पुढं केला. रुद्राणीला वाटलं, उठायला हात मागताहेत, पण त्यांना पुस्तक हवं होतं. जमिनीवर बसल्या बसल्या त्यांनी पानं चाळली. कॉलेजात त्यांनाही हेच पुस्तक होतं. ह्यातलीच उदाहरणं सोडवून ते वरच्या वर्गात पास झाले होते.

"किती ताणली?" त्यांनी कोर्टातल्यासारखं विचारलं.

"अठरा इंच."

"दोन्ही बाजू सारख्या?"

रुद्राणी गुडघ्यांवर बसली, डोळा बारीक करून तिनं पाहिलं. "नाही. डावी जास्त. आपण डावीकडे कलून बसलाय."

"हं. ईश्वरप्पा, हात द्या."

ईश्वरप्पांनी हात दिला. दुसऱ्या हातानं खांब धरला. वकील दोनदा अर्धे उठले, दोनदा बसले, तिसऱ्यांदा उभे राहिले. फळी जमिनीपासून किंचित वर आली. रुद्राणीनं लगेच गज लावला. "अडीच इंच परत आली."

"बाकीची?"

"बाकीची नाही आली."

"का?"

"ठाऊक नाही. पुस्तकात ह्याबद्दल काहीच नाही."

वकिलांनी कोटावरचं तूप बोटानं निपटलं. आवाज जरा मऊ करून म्हणाले, "हे बघ मुली. इनएक्सटेन्सिबल हा काही दोरीचा गुण नव्हे. ती धरून चालायची गोष्ट. ताणणं हिशेबात घेतलं तर उदाहरण अवघड होऊन बसतं. म्हणून ताणत नाही असं आपण धरतो."

"मग तसं छापायचं की!" रुद्राणी उसळली. "'ताणत नाही असं धरा.' दोन शब्दांना किती शाई लागली असती? हे म्हणजे ओल्या लाकडाला सुकं म्हणून विकल्यासारखं झालं!"

"जाणकारांना ते ठाऊकच असतं."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"अर्थात."

"मग नव्या दोरीवर बसलात कसे?"

सावित्रम्मांच्या तोंडून "अगं रुद्री!" निघून गेलं. ईश्वरप्पांनी डोळे मिटून घेतले. पंचाक्षरी वकिलांनी तुळईकडे पाहिलं, दोरीकडे पाहिलं, ईश्वरप्पांकडे जरा जास्त वेळ पाहिलं. मग ते जाऊन खुर्चीवर बसले, घट्ट, आधी दोन्ही हातांनी खुर्ची हलवून बघून. त्यांनी दौत-टाक मागवला, आणि अर्जाच्या पाठीमागं लिहायला सुरुवात केली. टाक कुरकुरत राहिला. नामंजूर एवढंच लिहायचं तर इतका वेळ कशाला? रुद्राणीच्या हातातला गज घामानं ओला झाला.

"मंजूर," वकील म्हणाले आणि कागद तिच्या हातात दिला. सावित्रम्मांनी पदर तोंडाला लावला. केराबाई म्हणाली, "झालं न्हवं मग!" पण रुद्राणी वाचत होती, आणि वाचता वाचता तिचे कान तांबडे होत चालले होते.

'सदर मुलीचा जन्म दोरीच्या दुकानात झालेला असून, दोरी ताणते अशी स्पष्ट सूचना घरातील कामवाल्या बाईने देऊनही, मुलीने छापील पुस्तकावरच विश्वास ठेवला व अध्यक्षांस त्याच दोरीवर बसविले. मुलींना पुस्तकातील पटत नाही हा माझा आक्षेप सबब मी मागे घेत आहे. ही मुलगी उच्च शिक्षणास सर्वतोपरी पात्र आहे.'

"हे... हे काय लिहिलंय?" रुद्राणीनं कागद फडफडवला. "म्हणजे मी बिनडोक आहे म्हणून मला परवानगी?"

"असं कुठं लिहिलंय? एखादा शब्द खोटा असला तर दाखव. खोडतो."

रुद्राणीनं पुन्हा वाचलं. ओळीवर बोट ठेवून वाचलं. एकही शब्द खोटा नव्हता. हाच तर खरा अन्याय होता!

"हे कमिटीपुढं वाचणार?"

"मोठ्यानं. आणि दप्तरी ठेवणार. तुला मानवत नसेल तर आण इकडे तो कागद, फाडून टाकतो." वकिलांनी शांतपणे हात पुढं केला.

रुद्राणीनं कागद झटकन पाठीमागं नेला.

"रुद्री, नमस्कार कर की साहेबांना," सावित्रम्मा म्हणाल्या. रुद्राणीनं नमस्कार केला. पण ती इतकी चिडलेली होती, की वाकतानासुद्धा तिनं वकिलांवरचे डोळे हलवले नाहीत, आणि नमस्कार झाला तोही एकाच हातानं. दुसरा हात पाठीमागंच होता.